काठावरची ओळख

मिनेसोटातल्या गाड्यांच्या नंबरप्लेटवर 'दहा हजार तळी' असं लिहिलेलं असतं. हा इथल्या लोकांचा विनय. दहा एकरांहून मोठी तळी मोजली तर ती ११,८४२ भरतात, आणि त्यात डबकी, दलदली, रस्त्याकडेची पाणथळं वगैरे धरलेलीच नाहीत. आम्ही राहतो त्या डुलुथच्या आसपास तर पाय टाकावा तिथे पाणी. हिवाळ्यात ते सगळं गोठून पांढरं होतं, आणि मे महिना आला की त्याच पाण्यातून चतुर आणि टाचण्या वर यायला लागतात. अख्ख्या राज्यात मिळून त्यांच्या सुमारे दीडशे जाती आहेत. गेली आठ-नऊ वर्षं मी त्या ओळखायला शिकते आहे. 'शिकले' असं म्हणायची सोय या छंदात नाही.

चतुर आणि टाचणी असे दोन वेगळे शब्द मराठीत आहेत याचं कौतुक मला इथे आल्यावर वाटायला लागलं. लहानपणी कोल्हापुरात आम्ही दोघांनाही सरसकट 'हेलिकॉप्टर' म्हणायचो, आणि गल्लीतले मुलगे चतुराच्या शेपटीला दोरा बांधून त्याला पतंगासारखा उडवायचे. इथले जुने लोक चतुराला 'सैतानाची रफूची सुई' म्हणत. खोटं बोलणाऱ्या पोरांची तोंडं ती शिवून टाकते अशी भीती घालत. त्यातूनच मोठ्या चतुरांच्या एका कुळाचं नाव 'डार्नर', म्हणजे रफू करणारा, असं पडलं. आपल्याकडे टाचणी, इकडे सुई. दोन्हीकडची नावं शिवणाच्या डब्यातून निघाली म्हणायची!

ओळखण्याची पहिली पायरी सोपी आहे. बसल्यावर पंख विमानासारखे आडवे पसरलेले असतील तर चतुर, पाठीवर मिटलेले असतील तर टाचणी. टाचणीचे डोळे डंबेलच्या गोळ्यांसारखे दोन टोकांना असतात, चतुराचे बहुधा डोक्यावर एकमेकांना चिकटलेले. 'बहुधा' अशासाठी की क्लबटेल नावाच्या चतुरांचे डोळे लांब लांब असतात. आणि स्प्रेडविंग नावाच्या टाचण्या पंख धड मिटतही नाहीत, धड पसरतही नाहीत, अर्धवट उघडे ठेवून बसतात. नियम सांगितला रे सांगितला की त्याला न जुमानणारा कुणीतरी समोर येऊन बसतोच.

दुसरी पायरी म्हणजे तो बसतो कसा. डार्नर फांदीला उभा लटकतो. स्किमर काडीच्या टोकावर बसतो, उडतो, एखादा डास गट्टम करतो आणि पुन्हा त्याच काडीवर येऊन बसतो. क्लबटेलला दगड किंवा जमीन आवडते. एमराल्ड मंडळी तर बसायचं नावच घेत नाहीत, आपणच मान दुखून खाली बसतो. रंग नीट दिसायच्या आत एवढ्यावरून निम्मं काम झालेलं असतं. लांबून येणारा माणूस चालीवरून कळतो ना, तसंच.

तिसरी पायरी मला सगळ्यात उशिरा कळली, आणि आता ती सगळ्यात महत्त्वाची वाटते. तुम्ही कुठे उभे आहात आणि आज तारीख काय? पुस्तक उघडायच्या आधी पायाखाली बघायचं. वाहता ओढा आहे, तळं आहे, लव्हाळ्याचं कुरण आहे की बॉग?

बॉग म्हणजे काय ते सांगायला हवं, कारण आपल्याकडे तसलं काही नसतं. दलदल म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर चिखल येतो. बॉगमध्ये चिखल नसतो. असतं ते स्फॅग्नम नावाचं शेवाळ, गादीसारखं, मैलोन्मैल. त्याला पाणी मिळतं ते बहुतेक पावसाचं आणि बर्फाचंच. हे शेवाळ आजूबाजूचं पाणी आंबट करून टाकतं. त्या थंड, आंबट पाण्यात काही धड कुजत नाही, म्हणून मेलेलं शेवाळ थरावर थर साचत राहतं. वर्षाला जेमतेम एक मिलिमीटर या हिशोबाने. त्यावर बुटके, काळपट स्प्रूस वाढतात. कलशपर्णीसारख्या किडे खाणाऱ्या वनस्पती वाढतात, कारण जमिनीतून पोटापुरतं काही मिळत नाही. आमच्या घरापासून तासाभरावर सॅक्स-झिम नावाचा असा विस्तीर्ण बॉग आहे. हिवाळ्यात लांबलांबून लोक तिथे घुबडं बघायला येतात. उन्हाळ्यात डास असतात, त्यामुळे गर्दी नसते.

या बॉगमध्ये मे महिन्याच्या शेवटी एक लहानसा काळा चतुर दिसतो, एबनी बॉगहाँटर. सव्वा इंच लांबीचा. लाकडी फळ्यांच्या वाटेवर उन्हाला बसतो. तीन-चार आठवडे दिसतो आणि मग वर्षभर नाहीसा होतो. त्याला बॉगच लागतो. शेजारी कितीही सुंदर तळं असलं तरी तिथे तो संसार मांडत नाही. पुस्तकात त्याच्या चित्राशेजारी महिने आणि जागा दिलेल्या असतात. पूर्वी मला वाटायचं ही जादा माहिती. आता वाटतं, तो त्याच्या वर्णनाचाच भाग आहे. काळे पाय, काळी शेपटी, मे महिना, बॉग.

पुस्तकांचं म्हणाल तर या भागासाठी दोन फार चांगली आहेत. कर्ट मीड यांचं 'ड्रॅगनफ्लाइज ऑफ द नॉर्थ वुड्स' २००३ साली आलं, आणि बॉब डुबॉइस यांचं टाचण्यांवरचं त्याचं भावंड २००५ साली. दोन्ही खिशात मावतात. माझ्या प्रतींवर चहाचे डाग आहेत, मीडमध्ये एक चपटा डासही आहे.

तर हे असं माझं एकटीचं चाललं होतं. नवऱ्याला ऑफिसातून सवड नाही, मुलाला बेडकांत जास्त रस. २०२४ च्या उन्हाळ्यात मात्र मला जोडीदार मिळाली. आई.

बाबा २०२३ च्या डिसेंबरात गेले. कोल्हापुरात त्यांचं साड्यांचं दुकान होतं, ते त्यांनी आजारपणात आधीच आवरतं घेतलं होतं. मी एकुलती एक. आई २०२४ च्या मे महिन्यात सहा महिन्यांसाठी आली. इकडे येणारे आईवडील हिवाळा चुकवायला मे ते ऑक्टोबर असेच येतात. चतुरांचा हंगामही तोच. आमच्याकडच्या मराठी घरांत या काळात आज्या-आजोबांची ये-जा चालू असते, आणि ऑक्टोबरच्या शेवटी घरं एकदम शांत होतात.

या वेळी मात्र नुसती भेट नव्हती. इथल्या नागरिक झालेल्या मुलांना आईवडिलांसाठी ग्रीन कार्डाचा अर्ज करता येतो. मी तो फॉर्म छापून स्वयंपाकघरातल्या खणात ठेवला होता, वाणसामानाच्या बिलांखाली. आईने तो बघितला होता हे मला माहीत होतं, आणि मला माहीत आहे हे तिलाही. सत्तरीच्या बाईने एकटीने तिकडे राहायचं की सगळं सोडून इकडे यायचं? आम्ही दोघी कढीपत्त्यापासून निवडणुकीपर्यंत सगळ्यावर बोलायचो, यावर नाही.

जूनच्या पहिल्या आठवड्यात मी तिला पहिल्यांदा बॉगवर नेलं. साडी, त्यावर स्वेटर, पायात माझे जुने स्पोर्ट्स शूज, डोक्यावर टोपी आणि टोपीवरून गळ्यापर्यंत डासांची जाळी. "ही कसली गं वरात," म्हणाली, पण चालायला लागली. फळ्यांच्या वाटेवर ठिकठिकाणी काळे-लाल छोटे चतुर बसले होते. मी दुर्बीण तिच्या हातात दिली आणि काही न सांगता थांबले. तिला दुर्बिणीचं चाक फिरवायला थोडा वेळ लागला. मग म्हणाली, "याचं तोंड चुन्यात बुडवल्यासारखं पांढरं आहे."

ते व्हाइटफेस होते, ल्युकोऱ्हिनिया. कपाळाचा तो पांढरा ठिपका हीच त्यांची खूण. उत्तरेकडच्या बॉगांत आणि तळ्यांत त्यांच्या अनेक जाती आहेत, आणि शेपटीवरचे डाग मोजून त्या वेगळ्या करायच्या असतात. त्या दिवशी आईने डाग मोजले नाहीत, पण पांढरी तोंडं मोजली. घरी आल्यावर ती कालनिर्णयापाशी गेली. हो, कालनिर्णय ती कोल्हापूरहून घेऊन आली होती. आमच्या फ्रीजवर चुंबकाने लावलं होतं. दुधाचा हिशोब लिहायची जागा इथे रिकामीच राहत होती. त्या चौकोनात तिने लिहिलं: 'पांढरतोंडे ८. डास फार.'

ती नोंद बघून मला हसू आलं, पण तारीख, जागा आणि संख्या यापलीकडे चांगल्या नोंदीत असतं तरी काय? पुढच्या सहा महिन्यांत ते कालनिर्णय भरत गेलं.

खरी गंमत जुलैच्या शेवटी सुरू झाली, डार्नर आले तेव्हा. मोठे, लांब, निळे-हिरवे चतुर. उडताना सगळे एकसारखे दिसतात. नव्याने शिकणारी माणसं इथेच हात टेकतात, कारण ती रंगाच्या मागे लागतात. या चतुरांचा रंग भरवशाचा नसतो. वयाप्रमाणे बदलतो. गारठ्यात निळा नर मळकट होतो आणि ऊन लागलं की परत उजळतो. बघायची असते ती छातीच्या कुशीवरची पट्टी. मी काढलेले फोटो आईला लॅपटॉपवर दाखवत होते आणि हे कसं समजावावं याचा विचार करत होते.

ती म्हणाली, "म्हणजे काठ बघायचा."

तीस वर्षं ती बाबांच्या शेजारी दुकानात बसली होती. "गिऱ्हाईक रंग बघतं. आपण काठ बघायचा," ती म्हणाली. "रंग काय, दहा गावांत तोच असतो. इरकल आहे की नारायणपेठी ते काठ सांगतो." आणि तिने फोटो एकेक करून लावायला सुरुवात केली. ज्याची पुढची पट्टी समोरून खोल खाच पडल्यासारखी दिसत होती, तो 'कुरतडलेला काठ'. पुस्तकात तो कॅनडा डार्नर. ज्याची पट्टी बारीक किंवा मधेच तुटून दोन ठिपके झालेली, तो 'तुटका काठ', म्हणजे व्हेरिएबल डार्नर. लेक डार्नरलाही खाच असते, पण त्याच्या चेहऱ्यावर एक काळी आडवी रेघ असते. तो 'कुरतडलेला, मिशीवाला'. मुलाला ही नावं इतकी आवडली की त्याने खरी नावं पाठ करायचं सोडूनच दिलं.

काही फोटो तिने बाजूला ठेवले. "हे कळत नाहीत." त्यातले दोन मलाही कळले नाहीत. कॅनडा डार्नर आणि ग्रीन-स्ट्राइप्ड डार्नर यांची पट्टी कधीकधी इतकी सारखी असते की एका तिरक्या फोटोवरून छातीठोक काही सांगता येत नाही. दुकानात असं कापड आलं की काय करायचात, असं मी विचारलं. "यांना विचारायचे. आणि यांनाही नाही कळलं तर गिऱ्हाइकाला तसं सांगायचे. खोटं नाव सांगून विकलं की गिऱ्हाईक परत येत नाही."

या छंदातली सगळ्यात अवघड शिस्त हीच आहे. निळ्या टाचण्यांचं उदाहरण घ्या. एनालॅग्मा, इंग्रजीत ब्लूएट. जूनमध्ये प्रत्येक तळ्याच्या काठावर शेकड्यांनी. निळ्या काडीवर काळे पट्टे. मार्श ब्लूएट आणि हेगेन्स ब्लूएट या दोन जातींचे नर वरून बघून वेगळे करताच येत नाहीत. नर जाळीत धरायचा, चारही पंख पाठीवर जुळवून दोन बोटांत हलकेच पकडायचा, आणि दहापट मोठं दाखवणाऱ्या भिंगातून त्याच्या शेपटीच्या टोकाचे आकडे बघायचे. ते मिलिमीटरभरही नसतात. बघायचं, लिहायचं, सोडून द्यायचं. नुकतीच कात टाकलेल्यांना हातसुद्धा लावायचा नाही, पंख ओले असतात. आणि जिथे जाळीला परवानगी नाही तिथे वहीत फक्त 'ब्लूएट' असं लिहून पुढे जायचं. हल्ली फोनमधलं ॲप फोटो बघून क्षणात नाव सुचवतं. ते पुष्कळदा बरोबरही असतं. पण जी खूण फोटोत आलेलीच नाही ती त्याला तरी कुठून दिसणार?

आईला मी भिंगातून ते आकडे दाखवले. बराच वेळ बघून तिने विचारलं, "आपल्याला एवढं भिंग लागतं, मग त्यांना एकमेकांना कसं कळतं?"

प्रश्न अगदी योग्य होता. नर त्या आकड्यांनी मादीला मानेमागे पकडतो, आणि तिथे मादीच्या अंगावर त्या आकड्यांजोगत्या खाचा असतात. कुलूप-किल्लीसारखं. किल्ली परकी असली तर मादीला स्पर्शानेच समजतं. "म्हणजे आपणच बाहेरचे," आई म्हणाली, "त्यांचं त्यांना बरोबर ठाऊक आहे."

ऑगस्टमध्ये एका दुपारी आम्ही सामान आणायला गेलो होतो. दुकानासमोरच्या पार्किंगमध्ये एक पिवळसर केशरी चतुर एका चकचकीत निळ्या गाडीच्या बॉनेटवर शेपटीचं टोक परत परत टेकवत होता. मी पिशव्या ठेवत होते. आई जागच्या जागी थांबली. "अगं, हा आपला!"

तिने काठबीठ काही बघितला नव्हता. उडण्याची तऱ्हा बघून ओळखला होता. मी फोटो काढला. मागच्या पंखाच्या बुडाशी गडद डाग नव्हता, म्हणजे स्पॉट-विंग्ड ग्लायडर नाही. रुंद पंख, केशरी शेपटी. पँटाला फ्लॅव्हेसेन्स, वाँडरिंग ग्लायडर. पाऊस सरत आला की आपल्याकडे मैदानांवर, गच्च्यांवर थव्याने तरंगत असतो तोच. मादी होती. चकाकणारा पत्रा तिला पाणी वाटतो, त्यावरून परतणारा प्रकाश पाण्यावरच्या प्रकाशासारखाच असतो, म्हणून बिचारी गाडीवर अंडी घालत होती.

घरी येताना मी आईला त्याची गोष्ट सांगितली. मालदीवमध्ये राहणारे चार्ल्स अँडरसन नावाचे एक जीवशास्त्रज्ञ होते. गोड्या पाण्याचा जवळजवळ पत्ता नसलेल्या त्या बेटांवर दर ऑक्टोबरात हजारो चतुर कुठून येतात, याचा त्यांनी वर्षानुवर्षं मागोवा घेतला. २००९ साली त्यांनी मांडलं की हे चतुर परतीच्या मोसमी वाऱ्यांबरोबर भारतातून निघतात आणि समुद्र ओलांडून पूर्व आफ्रिकेला जातात. पावसामागोमाग पाऊस, पिढीमागून पिढी. २०१६ साली निरनिराळ्या खंडांवरच्या या चतुरांचे जनुक तपासले गेले, तेव्हा जगभरचे हे सगळे मिळून एकच मोठं कुटुंब असावं असं दिसलं.

"मग हा कुठला म्हणायचा?" आईने विचारलं.

"कुठलाच नाही. किंवा सगळीकडचा."

ती खिडकीबाहेर बघत होती. थोड्या वेळाने म्हणाली, "पण पोरांना डबकं लागतंच की त्याच्या." ते खरं होतं. याची पिल्लं पावसाच्या तात्पुरत्या डबक्यात दीड-दोन महिन्यांत वाढून उडून जातात, पण ते डबकं तेवढे दिवस टिकावं लागतं. बॉगवाल्याचा संसार त्याच्या बॉगाबाहेर होतच नाही, याला कुठलंही डबकं चालतं. पण पाणी दोघांनाही लागतं.

सप्टेंबरात आम्ही हॉक रिजवर गेलो. डुलुथच्या वरची ही टेकडी ससाण्यांच्या स्थलांतरासाठी प्रसिद्ध आहे. उत्तरेकडून येणारे शिकारी पक्षी लेक सुपीरियरवरून उडायला नाखूश असतात, म्हणून किनाऱ्याच्या कडेकडेने येत या टेकडीवर गोळा होतात. त्यांच्याबरोबर कॉमन ग्रीन डार्नर नावाचे मोठे हिरवे चतुरही त्याच वाटेने दक्षिणेकडे निघतात. आणि केस्ट्रेल नावाचे छोटे ससाणे वाटेतच त्यांची न्याहारी करतात. तळपायात चतुर धरून उडत उडत खातात. आईला ते अजिबात आवडलं नाही.

हे चतुर वसंतात दक्षिणेकडून येतात आणि शरदात जातात हे लोकांना फार पूर्वीपासून माहीत होतं. पण जाणारा तोच असतो का? २०१८ साली याचं उत्तर मिळालं. पंख ज्या पाण्यात वाढले त्या पाण्यातल्या हायड्रोजनची खूण पंखांत कायमची राहते. संग्रहालयांतल्या जुन्या नमुन्यांसकट आठशेहून अधिक पंख तपासून संशोधकांनी दाखवलं की एका वर्षात तीन पिढ्या असतात. दक्षिणेत जन्मलेली पिढी उत्तरेला येते, अंडी घालते, इथेच मरते. तिची पोरं दक्षिणेला जातात. त्यांची पोरं तिकडेच राहतात, आणि पुढच्या वसंतात त्यांची पोरं पुन्हा निघतात. पूर्ण फेरी एकही चतुर करत नाही.

आई बराच वेळ आकाशाकडे बघत होती. मग तिनेच विषय काढला.

"त्या खणातल्या कागदाचं काय ते एकदा बोलून टाकू या," ती म्हणाली. "मला इथं सगळं आवडतं. तुम्ही करताही सगळं. पण इथं कुठंही जायचं तर तू लागतेस. गाडी तू काढणार, हे काय ते काय तू सांगणार. तिथं मी सकाळी उठून रंकाळ्यावर जाते. एक दिवस नाही गेले तर चार जणी विचारतात, काल का आली नव्हतीस?"

"पण तू एकटी..."

"चार जणी म्हटलं की मी आत्ता."

माझ्याकडे मुद्दे होते. तिचं बीपी, तिसरा मजला, लिफ्ट नसणं. रात्रीअपरात्री काही झालं तर विमानतळ गाठायलाच मला अडीच तास लागतात, आणि पुढे दीड दिवस. हे सगळे मुद्दे तेव्हाही खरे होते, आजही आहेत. मधेच कधी फोन अवेळी वाजला तर नाव बघेपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसतो. आईचं बोलणं मला पूर्ण पटलं असं मी म्हणणार नाही. पण ते मला समजलं. इतकी वर्षं मी प्रत्येक नोंदीत आधी जागा लिहिते आणि मग नाव. जागा खोडून नुसतं नाव ठेवलं तर ती नोंद कुणी स्वीकारत नाही.

"मेमध्ये येईन ना दर वर्षी," ती म्हणाली. "ती पांढरतोंडे येतात तेव्हा. सहा महिने इकडे, सहा तिकडे. जमेल तोवर."

घरी आल्यावर फॉर्म आम्ही फाडला वगैरे नाही. तो अजून त्याच खणात आहे.

ऑक्टोबरच्या शेवटी ती गेली. निघायच्या आदल्या दिवशी अंगणातल्या कुंपणावर एक पिवळ्या पायांचा लाल चतुर उन्हाला बसला होता. ऑटम मेडोहॉक, आमच्याकडचा सगळ्यात शेवटचा. हिमाची पांढुरकी साय गवतावर पडायला लागली तरी दुपारच्या उन्हाला येऊन बसतो. कालनिर्णयात आईच्या अक्षरातली शेवटची नोंद त्याचीच आहे. 'पिवळे पाय १. ऊन छान.'

मराठीत 'ओळखणं' आणि 'ओळख असणं' यांना एकच शब्द आहे. इंग्रजीत दोन्हींसाठी वेगळे शब्द वापरावे लागतात. पुस्तक आणि भिंग घेऊन ओळखता येतं, ओळख व्हायला मात्र त्याच काठावर पुन्हा पुन्हा जावं लागतं. आईशी माझी ओळख काही नवी नाही. पण घर सोडलं तेव्हा मी तेवीस वर्षांची होते, आणि त्यानंतर तिला सलग सहा महिने बघायची वेळ पहिल्यांदाच आली होती. ती न कळलेलं कापड बाजूला ठेवते, हे मला त्या उन्हाळ्यात कळलं.

२०२५ च्या मे महिन्यात ती ठरल्याप्रमाणे आली, नवं कालनिर्णय घेऊन. पहिल्याच आठवड्यात तिला काळा बॉगहाँटर दिसला, जो मला तीन वर्षांत दिसला नव्हता. फळीवर तिच्या बुटापासून हातभर अंतरावर बसला होता. तिने नाव विचारलं नाही, "हा इथलाच ना?" एवढंच विचारलं. मी हो म्हटलं.

आता ती कोल्हापुरात आहे. रंकाळ्यावरच्या चार जणींपैकी दोघींना तिने टाचण्यांचा नाद लावला आहे. व्हॉट्सॲपवर हललेले फोटो येतात. पिवळ्या शेपटीची टाचणी असेल तर मी लगेच ओळखते, बाकीच्यांना 'माहीत नाही' असं उत्तर देते. त्यावर ती अंगठा पाठवते. आमचे फोन तिच्या सकाळी, माझ्या रात्री होतात. पूर्वी पहिला प्रश्न 'जेवलीस का' असायचा. नोव्हेंबरपासून तो बदलला आहे.

"पाणी गोठलं का गं?"

"गोठलं. लोक वरून चालायला लागले."

"आणि खाली?"

खाली पिल्लं आहेत, मी सांगते. काही दुसऱ्या हिवाळ्यातली, काही तिसऱ्या. काहींची नुसती अंडी आहेत. वर उणे तीस असलं तरी बर्फाखालचं पाणी पाणीच राहतं, आणि ती तिथे वाट बघत असतात.

"बरं," आई म्हणते. "मग जेवलीस का?"